मऊ पाठीचं कासव : याचं कवच गेलं कुठे?

कासवांच्या तस्करीची बातमी दर काही महिन्यांनी येतेच. जानेवारी २०१७ मध्ये उत्तर प्रदेशातल्या अमेठी जिल्ह्यात पोलिसांच्या विशेष पथकाने सहा हजारांहून जास्त जिवंत कासवं जप्त केली. गोण्यांत एकावर एक कोंबलेली. अशा बातमीसोबतचा फोटो पाहिला की अनेकांना पहिला प्रश्न पडतो तो हा, की ही खरंच कासवं आहेत का? देवळात गाभाऱ्यासमोर दगडात कोरलेलं कासव आपण लहानपणापासून पाहत आलो. त्याची पाठ घुमटाकार आणि चौकटी-चौकटींची. फोटोतले हे जीव मात्र चपटे, गुळगुळीत, चिखलाच्या रंगाचे. नाक पुढे आलेलं, मान लांबलचक, आणि कवच म्हणावं असं काही वरून दिसतच नाही.

ती कासवंच आहेत. इंग्रजीत त्यांना सॉफ्टशेल टर्टल म्हणतात. आपण मऊ पाठीची कासवं म्हणू. आशिया, आफ्रिका आणि उत्तर अमेरिकेत मिळून त्यांच्या तीसहून अधिक जाती आहेत आणि जवळजवळ सगळ्या गोड्या पाण्यातल्या. महाराष्ट्रात तळ्यात, कालव्यात, भातखाचरात, पावसाळ्यात कधी रस्ता ओलांडताना जी कासवं दिसतात, त्यांतलं एक नेहमीचं कासव याच घराण्यातलं आहे. आणि याच घराण्यातल्या एका जातीची शास्त्राला पहिली ओळख पुण्यातून झाली. ती जात आज नामशेष होण्याच्या काठावर आहे. त्यामुळे हा परक्या मुलखातला विषय नाही. हे शरीर नीट समजलं, तर त्यावर आलेलं संकटही समजतं.

आधी नेहमीच्या कासवाचं कवच

गोष्टींच्या पुस्तकांमुळे वाटतं की कवच म्हणजे कासवाने पाठीवर घेतलेलं घर. वाटलं तर आत जावं, वाटलं तर बाहेर यावं. तसं नाही. कवच हा त्याचा सांगाडा आहे. बरगड्या रुंद होत एकमेकींना भिडल्या, पाठीच्या कण्याशी एकजीव झाल्या, कडेने आणखी हाडांची एक रांग आली आणि हाडांची अखंड ढाल तयार झाली. पोटाकडूनही तशीच एक. वरच्या ढालीला पाठकवच म्हणू, खालच्या ढालीला पोटकवच. या हाडांवर पातळ, टणक पत्रे बसलेले असतात. आपली नखं ज्या द्रव्याची असतात त्याच द्रव्याचे. त्यांना शल्क म्हणतात. देवळातल्या कासवाच्या पाठीवरच्या चौकटी म्हणजे ही शल्कं.

घराची गच्ची डोळ्यांसमोर आणा. खाली स्लॅब, त्यावर फरशी, चारी बाजूंनी कठडा. हाडं म्हणजे स्लॅब, शल्कं म्हणजे फरशी आणि कडेच्या हाडांची रांग म्हणजे कठडा. यात एक बारकावा आहे, तो मला फार आवडतो. वरच्या शल्कांचे सांधे आणि खालच्या हाडांचे सांधे एकावर एक येत नाहीत. वरचा सांधा खालच्या हाडाच्या मधोमध पडतो. त्यामुळे घाव बसला तरी ढाल एका रेषेत सहज तडकत नाही.

मऊ पाठीच्या कासवाने यातलं काय काय सोडलं?

सगळ्यात आधी फरशी. त्याच्या पाठीवर एकही शल्क नाही. हाडांवर थेट जाड, चिवट कातडी.

मग कठडा. कडेच्या हाडांची रांग या घराण्यातल्या बहुतेक जातींत पूर्ण नाहीशी झाली आहे.

स्लॅब शिल्लक आहे, पण आकसलेला. पाठीच्या मधल्या भागात हाडांची चकती असते. तिच्या बाहेर बरगड्यांची टोकं सुटी राहतात. त्यापलीकडे कूर्चा, म्हणजे आपला बाहेरचा कान ताठ धरणारा लवचिक पदार्थ, आणि कातडी यांची रुंद झालर. पोटाखालीही तीच तऱ्हा. तिथली हाडं एकमेकांना पूर्ण भिडत नाहीत, मधे मोकळ्या जागा राहतात आणि त्या कातडीने झाकलेल्या असतात.

म्हणून ‘बोटाने दाबलं तर पाठ दबते का?’ या प्रश्नाची दोन उत्तरं आहेत. मध्यभागी दबत नाही, तिथे हाड आहे. कडेला दबते आणि वाकतेही. चालताना-पोहताना ही कड हलताना दिसते.

हाड पातळ म्हणजे कमकुवत, असंही समजू नये. या कासवांच्या पाठीच्या हाडात तंतूंचे थर एकावर एक आडवे-उभे रचलेले असतात आणि त्यामुळे कमी जाडीतही हाडाला बळ मिळतं. या हाडांचा वरचा पृष्ठभाग खाचा-खळग्यांनी भरलेला असतो. त्याची नक्षी इतकी खास असते, की जीवाश्म शोधणाऱ्यांना हाडाचा छोटासा तुकडा मिळाला तरी तो या घराण्याचा आहे हे ओळखता येतं. असे तुकडे आशियात दहा कोटी वर्षांहून जुन्या खडकांत सापडतात. म्हणजे हे शरीर डायनासोरांच्या काळात घडलं आणि त्यांच्यानंतरही टिकलं.

ढाल टाकून मिळालं काय?

निसर्गात संरक्षण फुकट सोडलं जात नाही. मोबदल्यात काहीतरी पदरात पडावं लागतं. इथे ते भरपूर पडलं आहे.

पहिली गोष्ट वेग. जड घुमट गेला, शरीर चपटं आणि हलकं झालं, पाय रुंद पडद्यांचे झाले. ही कासवं पाण्यात जोरात पोहतात आणि जमिनीवरही, ससा-कासवाच्या गोष्टीवर वाढलेल्या माणसाला नवल वाटावं इतकी, झपाट्याने पळतात. कासव म्हणजे संथ, हे समीकरण यांना लागू होत नाही.

दुसरी गोष्ट लपणं. नदीच्या तळाशी वाळूवर बसून कासव अंग दोन्ही बाजूंनी हलवतं. लवचिक कडेने वाळू उडते, पाठीवर येऊन बसते आणि थोड्याच वेळात कासव दिसेनासं होतं. घुमटाकार कासवाला हे जमणार नाही, त्याला झाकायला ढीगभर वाळू लागेल. चपट्या पाठीला पातळ थर पुरतो. वर उरतात डोळे आणि नाक. मग मासा, बेडूक, खेकडा जवळ येईपर्यंत थांबायचं आणि मान विजेच्या वेगाने पुढे फेकायची.

आता नाकाकडे पाहा. ते डोक्याच्या पुढे नळीसारखं निघालेलं असतं आणि नाकपुड्या अगदी टोकाला असतात. उथळ पाण्यात वाळूखाली बसलेलं कासव मान वर ताणतं, नाकाचं टोक तेवढं पाण्याबाहेर काढतं, श्वास घेतं आणि मान पुन्हा आत घेतं. बाकी शरीर जागचं हलत नाही. लांब मान आणि लांब नाक ही जोडी अशी एकत्र कामाला येते.

तिसरी गोष्ट मला सगळ्यांत विलक्षण वाटते. ही कासवं पाण्यातला प्राणवायूही काही प्रमाणात वापरू शकतात. त्यांच्या घशाच्या आतल्या अस्तरावर रक्तवाहिन्यांनी भरलेले बारीक उंचवटे असतात. पाण्याखाली बसलेलं कासव घसा फुगवत-आकसत पाणी आत-बाहेर करतं आणि या उंचवट्यांतून प्राणवायू रक्तात जातो. कातडीतूनही थोडा शिरतो. शल्कांनी मढलेल्या पाठीतून हे घडलं नसतं.

त्याच तोंडाचं आणखी एक काम २०१२ मध्ये सिंगापूरच्या संशोधकांनी दाखवून दिलं. चिनी मऊ पाठीचं कासव शरीरातला युरिया, जो आपण लघवीतून टाकतो, तो बहुतांशी तोंडावाटे बाहेर टाकतं. मूत्रपिंडातून जातो तो जेमतेम ६ टक्के. पाण्याबाहेर ठेवलेली कासवं समोरच्या भांड्यातल्या पाण्यात डोकं बुडवून बसायची, त्याचं कारण हे होतं. हे कासव मचूळ, खारट पाण्यातही राहतं. तिथे लघवी करण्यासाठी पाणी प्यायचं म्हणजे मीठ पोटात घ्यायचं. तोंड नुसतं खळखळून काम भागत असेल तर ते मीठ टळतं.

घशातून श्वास घेतं, मग जाळ्यात बुडून का मरतं?

मासेमारी करणारे हा प्रश्न विचारतील आणि तो रास्त आहे. घशातून मिळणारा प्राणवायू शांत बसलेल्या कासवाला पुरतो. जाळ्यात अडकलेलं कासव जिवाच्या आकांताने धडपडत असतं. त्या वेळी त्याची गरज कैक पटींनी वाढते, ती फुप्फुसांनीच भागते आणि नाक पाण्याबाहेर काढता येत नाही. शिवाय ज्या पाण्यात सांडपाणी मिसळून प्राणवायूच कमी झाला आहे, तिथे घशाची सोय फारशी उपयोगी पडत नाही. कातडी पाण्याला मोकळी असणं ही स्वच्छ नदीत सोय आहे. घाण पाण्यात तीच अडचण ठरते.

आणि मगर आली तर? कोल्हा आला तर?

ढाल नाही म्हटल्यावर हा प्रश्न आलाच. पहिला उपाय पळून जाणं, दुसरा लपणं. दोन्ही फसले तर चावणं.

या कासवांना ओठ असतात. मांसल, जाड ओठ, जे इतर कासवांत दिसत नाहीत. त्यामुळे तोंड मिटलेलं असताना चेहरा निरुपद्रवी वाटतो. पण ओठांच्या आड धारदार कडांचे जबडे असतात. त्यात मान एवढी लांब, की कवचाची बाजू धरून उचलायला गेलेल्या माणसाच्या हातापर्यंत तोंड आरामात पोचतं. कोळीवाड्यांत आणि नदीकाठच्या वस्त्यांत जुन्या माणसांना हे ठाऊक असतं.

आपल्याकडचं नेहमीचं मऊ पाठीचं कासव, इंडियन फ्लॅपशेल, याने मात्र एक वेगळी सोय राखली आहे. त्याच्या पोटकवचाला मागच्या बाजूला कातडीच्या दोन झडपा असतात. पाय आत ओढले की झडपा वर येऊन मागची फट बंद करतात. पुढचा भागही वर उचलला जातो. डोकं, पाय, शेपूट सगळं आत आणि वर कुलूप. पाठही इतर मऊ पाठीच्या कासवांपेक्षा जास्त फुगीर आणि मागच्या कडेला थोडी हाडंही टिकून आहेत. या कासवाला पाणी सोडून चालत जावं लागतं, कारण ते लहान तळ्या-डबक्यांत राहतं आणि ती उन्हाळ्यात आटतात. तळं आटलं की ते चिखलात स्वतःला पुरून घेतं आणि पावसाची वाट पाहतं. मोठ्या नदीत राहणाऱ्या भावंडांना झडपांची तेवढी गरज पडत नाही.

नखं किती? ‘वीस नखी’ कासवाचं काय?

महाराष्ट्रात हा भाग सांगितल्याशिवाय पुढे जाता येत नाही. वीस नखांचं कासव घरात आणलं की गुप्तधन सापडतं, पैशांचा पाऊस पडतो, असं सांगून लाखो रुपयांना कासवं विकणाऱ्या टोळ्या आपल्याकडे वारंवार पकडल्या जातात. त्यात माणसं कर्जबाजारी होतात आणि कासवं मरतात.

तर मोजू या. मऊ पाठीच्या कासवाच्या प्रत्येक पायाला बोटं पाच, पण नखं फक्त तीन. उरलेली दोन बोटं पडद्यात दडलेली. चार पायांची मिळून नखं बारा. संपूर्ण घराण्याची ही खूण आहे. पाठ, नाक काहीही न पाहता नुसत्या नखांवरून ओळख पटते. भारतातल्या बहुतेक टणक पाठीच्या कासवांना पुढच्या पायांना पाच-पाच आणि मागच्या पायांना चार-चार नखं असतात, म्हणजे अठरा. चांदण्यांसारखी नक्षी असलेलं तारा कासव, जे या नादात सर्वाधिक भरडलं जातं, तेही याच हिशेबात बसतं. एखाद्या कासवाला एखाद-दुसरं नख जास्त किंवा कमी असू शकतं, जसं एखाद्या माणसाला सहावं बोट असतं. त्याचा धनाशी काडीचाही संबंध नाही. ज्या घरात असा व्यवहार चालू आहे असं कळेल, तिथे हा नखांचा हिशेब जरूर सांगा.

समुद्रातलं लेदरबॅक कासव याचंच भावंड का?

नाही. लेदरबॅकच्या पाठीवरही शल्कं नसतात आणि कातडी असते, म्हणून गल्लत होते. पण ते समुद्री कासवांच्या शाखेतलं आहे. दोन शाखांनी वेगवेगळ्या वेळी, स्वतंत्रपणे शल्कं टाकली. मऊ पाठीच्या कासवाचा सगळ्यात जवळचा जिवंत नातेवाईक न्यू गिनी आणि उत्तर ऑस्ट्रेलियात राहतो, आणि त्याच्याही पाठीवर कातडीच असते.

समुद्री कासवांशी तुलना निघालीच आहे, तर दोन फरक सांगायला हवेत. कोकण किनाऱ्यावर, वेळासला वगैरे, ऑलिव्ह रिडलेची अंडी पाहिलेल्यांना ठाऊक असेल की त्या अंड्यांची टरफलं मऊ, चामड्यासारखी असतात. टणक पाठीच्या या कासवाची अंडी मऊ. आणि मऊ पाठीच्या कासवाची अंडी गोल, टणक, ठिसूळ टरफलाची. दुसरा फरक जास्त महत्त्वाचा. ऑलिव्ह रिडलेचं पिल्लू नर होणार की मादी, हे वाळूच्या तापमानावर ठरतं. वाळू तापली की माद्या जास्त. मऊ पाठीच्या कासवांत ते आपल्यासारखं गुणसूत्रांवर ठरतं. वाढत्या उष्णतेची ही एक झळ तरी त्यांना बसत नाही. बाकी झळा आहेतच.

आपल्या नद्यांतली मंडळी

फ्लॅपशेल वर आलंच. एक फुटाच्या आसपास वाढणारं. गंगेतलं मऊ पाठीचं कासव त्याच्या कितीतरी पट मोठं, पाठ जवळजवळ तीन फुटांपर्यंत. मेलेली जनावरं, कुजलेलं मांस ते खातं. गंगा कृती योजनेत याच गुणासाठी हजारो कासवं वाढवून वाराणसीत नदीत सोडली गेली, अर्धवट जळालेले मृतदेह खाऊन पाणी स्वच्छ राहावं म्हणून. तिथे १९८९ मध्ये कासवांसाठी खास अभयारण्यही झालं होतं. २०२० मध्ये त्याचा दर्जा काढून घेण्यात आला.

उत्तरेतल्या मोठ्या नद्यांत चित्रा नावाचं एक कासव आहे. एक मीटरहून मोठी पाठ आणि त्यामानाने विचित्र वाटावं इतकं अरुंद डोकं, डोळे जवळजवळ नाकाशी आलेले. वाळूत पुरून घेतल्यावर बाहेर किती कमी दिसावं, याची ती परिसीमा आहे. केरळात कासरगोडजवळच्या चंद्रगिरी नदीत कॅन्टरचं महाकाय कासव आहे. तेही आयुष्याचा बहुतांश काळ वाळूखाली काढतं. गावकऱ्यांच्या मदतीने त्याची घरटी जपण्याचं काम तिथे चालू आहे.

आसामचं काळं मऊ पाठीचं कासव देवळांमुळे वाचलं. हाजोच्या हयग्रीव माधव मंदिराच्या तळ्यात आणि बांगलादेशात चितगावच्या बायजीद बोस्तामी दर्ग्याच्या तळ्यात भाविक त्यांना खाऊ घालत आले. २००२ मध्ये ही जात निसर्गातून नामशेष झाल्याचं जाहीर झालं होतं. पुढे आसामातल्या नद्यांत ती पुन्हा आढळली. एका बाजूला कासव मारणारी अंधश्रद्धा आणि दुसऱ्या बाजूला कासव जगवणारी श्रद्धा, दोन्ही आपल्याच देशात आहेत.

आणि आपलं, दख्खनचं कासव : लीथचं मऊ पाठीचं कासव. मुंबईत डॉक्टर असलेल्या अँड्र्यू लीथ यांचं नाव त्याला मिळालं. जॉन एडवर्ड ग्रे यांनी १८७२ मध्ये त्याचं वर्णन प्रसिद्ध केलं, ते पुण्याकडून मिळालेल्या नमुन्यांवरून. कृष्णा, भीमा, गोदावरी, कावेरी, अशा द्वीपकल्पातल्या नद्यांखेरीज हे कासव जगात कुठेही नाही. पिल्लांच्या पाठीवर डोळ्यांच्या आकाराचे चार ते सहा ठिपके असतात. वय वाढेल तसे ते पुसट होतात. मोठ्याची पाठ दोन फुटांपर्यंत. धोक्यातल्या जातींच्या जागतिक यादीत त्याची नोंद आता ‘अतिसंकटग्रस्त’ अशी आहे. त्याच्यापुढची पायरी निसर्गातून नामशेष होण्याची. वाघाबद्दल शाळेतल्या मुलालाही माहीत असतं. पुण्याहून शास्त्रात गेलेलं हे कासव पुण्यातल्या किती माणसांनी ऐकलेलं असेल, याची मला खंत वाटते.

दहा कोटी वर्षं टिकलं, मग आता काय बिघडलं?

ज्या शरीराने मगरींना चकवलं, ते माणसाच्या पद्धतींपुढे उघडं पडलं.

सगळ्यांत क्रूर गोष्ट त्या लवचिक कडेची. कवचाची कूर्चेची झालर कापून, उकडून, वाळवून तिच्या पट्ट्या देशाबाहेर पाठवल्या जातात. पूर्व आशियात त्यांना सूप आणि औषधांसाठी मागणी आहे. त्यासाठी गंगेतली मोठी कासवं मारली जातात. फ्लॅपशेलसारखी लहान कासवं जिवंतच पूर्व सीमेकडे आणि तिथून पलीकडे पोचवली जातात. ज्या कडेमुळे कासव वाळूत लपतं, पोहतं, निसटतं, तीच कड विकली जाते.

लपण्याची युक्तीही माणसापुढे चालत नाही. कोल्ह्याला वाळूखालचं कासव दिसत नाही, पण लोखंडी गज खुपसत उथळ पाण्यातून चालणाऱ्या शिकाऱ्याच्या हाताला ते लागतं.

मग वाळू. या कासवांना अंडी घालायला काठ लागतो, लपायला वाळूचा तळ लागतो. वाळू उपशाने आपल्या नद्यांचे काठ आणि तळ दोन्ही खरवडून काढले. धरणांच्या फुगवट्याखाली कित्येक काठ गेले. कधी अचानक सोडलेल्या पाण्यात घरटी वाहून जातात. वाळू उपशाच्या चर्चेत आपण पाण्याची पातळी, पूल, महसूल याबद्दल बोलतो. त्या वाळूतच कोणाचं घर असतं, हे त्या चर्चेत येत नाही. यायला हवं.

शेवटची पायरी कशी असते, ते व्हिएतनाम आणि चीनमध्ये दिसतं. यांग्त्सेचं महाकाय मऊ पाठीचं कासव हे जगातल्या सर्वांत मोठ्या गोड्या पाण्यातल्या कासवांपैकी एक. हनोईच्या मध्यवर्ती तळ्यातलं, ज्याला लोक पूज्य मानत, ते जानेवारी २०१६ मध्ये मेलं. चीनमध्ये सूझौच्या प्राणिसंग्रहालयातली शेवटची ज्ञात मादी एप्रिल २०१९ मध्ये कृत्रिम रेतनाच्या प्रयत्नानंतर मेली. २०२० मध्ये हनोईजवळच्या एका तलावात आणखी एक मादी सापडली तेव्हा जगभरच्या अभ्यासकांना आशा वाटली होती. एप्रिल २०२३ मध्ये तीही मृतावस्थेत तरंगताना आढळली. खात्रीने माहीत असलेला, सूझौमधला एक नर, एवढंच हातात उरलं.

‘पाळलं तर वाचेल ना?’

घरच्या काचेच्या टाकीत नाही. शल्कं नसलेली कातडी खडीवर, सिमेंटवर घासून सोलली जाते आणि जखमेत बुरशी धरते. शिवाय भारतीय कासवं पाळणं वन्यजीव संरक्षण कायद्याने गुन्हा आहे. फ्लॅपशेल या कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे. त्या अनुसूचीतल्या प्राण्याबाबत गुन्हा सिद्ध झाला, तर किमान तीन आणि कमाल सात वर्षं तुरुंगवास होतो.

विहिरीत कासव सोडलं की पाणी स्वच्छ राहतं, ही आपल्या गावांतली जुनी समजूत. कासव विहिरीत मेलेलं-कुजलेलं खातं, हे खरं. पण बांधलेल्या विहिरीला काठ नसतो. मादीला अंडी घालायला जागा नाही, बाहेर पडायला वाट नाही. ते कासव वर्षानुवर्षं जगेल, पण त्याचा वंश तिथेच थांबेल.

मग चीनसारखी शेती? तिथे चिनी मऊ पाठीची कासवं शेततळ्यांत अफाट संख्येने वाढवली जातात. तरीही तीच जात निसर्गात धोक्यात असल्याची नोंद आहे. शेती वाढली म्हणून रानातली शिकार थांबली नाही.

कागदावरचं संरक्षण वाढतं आहे, ही जमेची बाजू. नोव्हेंबर २०२२ मध्ये पनामात वन्यजीव व्यापारावरची आंतरराष्ट्रीय परिषद झाली. तिथे भारताच्या प्रस्तावावरून लीथच्या कासवाचा समावेश सर्वांत कडक बंदीच्या यादीत झाला. नदीवर त्याचा उपयोग किती होतो, हे नदीकाठच्या लोकांना ते कासव ओळखू येतं का यावर बरंच अवलंबून आहे.

जाळ्यात, रस्त्यावर किंवा शेतात सापडलं तर

पाठ चपटी आणि कातडीची, नाक पुढे आलेलं, पायाला तीन नखं : ओळख पटली. आता हात लावण्याआधी मान कुठवर पोचते ते लक्षात घ्या. बाजूने धरू नका. पुढून तर मुळीच नको. लहान कासवावर ओलं पोतं टाकून, मागच्या पायांमागची कवचाची कड दोन्ही हातांनी धरून ते बादलीत किंवा टोपलीत ठेवता येतं. शेपटीला किंवा मानेला धरून उचललं तर त्याला इजा होते. मोठं असेल तर उचलायचा प्रयत्नच करू नका. लोकांना लांब ठेवा आणि वनविभागाच्या १९२६ या मदत क्रमांकावर फोन करा.

कातडी उन्हात झपाट्याने कोरडी पडते, म्हणून तोवर सावली आणि ओलं पोतं पुरे. खोल पाण्याच्या टाकीत टाकू नका. दमलेलं कासव तिथे बुडू शकतं. रस्ता ओलांडणारं फ्लॅपशेल ज्या दिशेने चाललं होतं त्याच दिशेला, जवळच्या पाण्याच्या काठावर सोडा. दुसऱ्या गावच्या ‘चांगल्या’ तलावात नेऊन सोडू नका. जाळं कापावं लागलं तर कापा. फासात पाय किंवा मान आवळलेली असेल, गळ घशात गेलेला दिसत असेल, तर दोरा ओढू नका; तो हातभर ठेवून कापा आणि पुढचं काम पशुवैद्यावर सोडा.